मधलं एक मिनिट

राजगडाच्या अळू दरवाज्यातून उतरून
तोरण्याकडं जाणाऱ्या धारेवर
माझा घोटा मुरगळला तेव्हा अकरा वीस झाले होते.
मुरगळला म्हणते मी, पण आवाज आला होता
वाळकी कारवी मोडल्यासारखा.

एकटी का गेलीस, हे नंतर सगळ्यांनी विचारलं.
त्याचं उत्तर इथं नाही.

मोबाईलनं हात वर केले.
सॅकमध्ये अर्धा लिटर पाणी, डब्यात दीड गूळपोळी,
आणि तुळशीबागेत तीस रुपयांना घेतलेली
नारिंगी शिटी.

कधीकाळी तळजाईच्या टेकडीवर
सरंजामे सरांनी आम्हाला शिकवलं होतं:
मिनिटात सहा शिट्या. मग एक मिनिट गप्प.
परत सहा.
ऐकणाऱ्यानं उत्तर द्यायचं तीन शिट्यांनी.
गप्प कशाला, सर?
तर म्हणाले, उत्तर आलं आणि तुमच्याच शिटीखाली
चिरडलं गेलं, तर?
आम्ही हसलो होतो. संध्याकाळ होती, खाली सहकारनगरचे दिवे होते,
तिथं कुणालाच वाचवायचं नव्हतं.

सहा शिट्या सोप्या असतात.
मिनिट अवघड.
पहिल्यांदा नुसतं माझंच काळीज ऐकू आलं,
मग गवत, आणि खूप खाली कुठंतरी कुऱ्हाड,
ती कुऱ्हाड नव्हतीच, सुतारपक्षी होता.
घड्याळाचा काटा चाळिसावर आला की
तोंड आपोआप शिटीकडं जायचं.
हात धरून ठेवला मी माझाच.

समोरच्या डोंगरावर बोटभर झाप दिसत होता.
गूळपोळी रुमालात गुंडाळली,
डब्याचं झाकण मांडीवर पुसलं.
डावा हात लांब करून दोन बोटांच्या बेचक्यात झाप धरला
आणि बोटांवर कवडसा पाडला.
शाळेत मोडकबाईंच्या अंबाड्यावर पाडला होता,
तेव्हा बाकावर उभी राहिले होते दोन तास.
झाकणावर आईचं नाव कोरलेलं. सौ. सुलभा. एकोणीसशे ब्याऐंशी.
उन्हात नाव वाचता येत नाही,
तरी तेच जात होतं दरीपलीकडं.

दीड वाजता हाळी आली.
तीन नाही. एकच. लांब, शेवटी वर उचललेली,
गुरांना घालतात तशी.

कोंडिबा मरगळे आणि त्यांचा जावई
घोंगडी नि दोन वासे घेऊन चढून आले तेव्हा ऊन कललं होतं.
बाबा, तुम्हाला माहीत होतं, सहा म्हणजे मदत?
“आमाला काय म्हाईत सहा आन् सात.
उजेड दिसला तवा वाटलं, पोरं खेळत्यात.
शिट्टी बी वाजती, तर वाजू दे.
पन मधी थांबायची. परत वाजायची. परत थांबायची.
खेळनारं मानूस थांबत न्हाई, ताई.
थांबतं ते वाट बघनारं.”
झाकण उचलून त्यांनी कोरलेल्या अक्षरांवरून अंगठा फिरवला.
कुनाचं?
आईचं.
“मंग जपून ठेव,” म्हणाले, आणि माझ्या सॅकमध्ये नव्हे,
माझ्या हातात दिलं.

आता प्लॅस्टरमध्ये पाय घेऊन मी धायरीत पडून असते.
आईचा फोन रोज सकाळी येतो, सहकारनगरहून.
ती बोलते: पाणी कपातीचं, वरच्या मजल्यावरच्या ड्रिलचं,
परवा सांगितलेलंच परत.
आधी मी मध्ये तोडायचे. ठेवते गं, मीटिंग आहे.
आज गप्प राहिले. म्हटलं, बघू मिनिटभर.

तिच्या आवाजामागं कुकर झाला.
एक. दोन.
तीन. वरणभाताला तिच्या तीनच लागतात,
जन्मभर तीनच.
चार.
आई ड्रिलबद्दल सांगतेय.
आई, गॅस.
“हो, तर मी त्याला म्हटलं,”
पाच.

सहावी झाली,
आणि मी कुबड्या शोधू लागले.